बाकी आठ

चौथीच्या पुस्तकात पेढे असतात, पेन्सिली असतात,
आणि कुणी एक राजू, जो कायम सारखं वाटत बसतो.
आमच्या वर्गात राजू नाही.
म्हणून फळ्यावर मी लिहिलं:
दोनशे किलो केळी, एका खोक्यात तेरा किलो,
भरलेली खोकी किती?

पंधरा, बाकी पाच. बहुतेकांचं जमलं.
लोकेश भंगाळेनं नुसतं पंधरा लिहिलं.
पाच किलोचं काय केलंस रे?
"पाच किलोचं खोकं गाडीत चढवत नाही, बाई.
ते घरी येतं. आम्ही तेच खातो."

वीस वर्षं मी बाकी शिकवते.
तिला चव असते, हे कुठल्याच प्रशिक्षणात सांगितलं नाही.

दुसरं उदाहरण खरं होतं.
चंपाषष्ठी होऊन गेलेली, वांगी खायला मोकळीक,
शनिवारी मळ्यात भरीत करायचं ठरलेलं.
मुलं अडतीस. बैलगाडीत एका खेपेला अकरा.
खेपा किती?

तीन, बाकी पाच.
प्रत्येक वहीत तीन, बाकी पाच,
खाली पट्टीनं दोन रेघा, काम संपल्यासारख्या.
हजेरीतले शेवटचे पाच मी उठवले
आणि व्हरांड्यात नेऊन उभे केले:
ही बघा तुमची बाकी.
वर्ग हसला. ते पाचही हसले, थोडं उशिरा.
मग सायसिंग पावरानं दारातून विचारलं,
"गाडी परत येईल ना, बाई?
का आम्ही पायी निघू?"

तेव्हा कुठे आतून चार ऐकू आलं.
आधी एक आवाज, मग सगळे,
आणि कुणीतरी पळत जाऊन त्याला आत ओढलं.

शनिवारी चार खेपा झाल्या.
बामणोदची वांगी, काटक्यांचा जाळ,
सालं काळी पडून फुटत होती,
बडगीत मिरची-लसूण ठेचताना
कोकिळाताईच्या बांगड्यांचा वेगळाच ताल.
कळण्याच्या पुऱ्या तिनं मोजून सांगितल्या: एकशे साठ.
मला राहवलं नाही. मास्तरणीला कुठे राहवतं?
काडी घ्या, म्हटलं, मातीत करा,
एकशे साठ भागिले अडतीस.

भूक लागली की मुलं भराभर चुकतात.
हितेशनं तीन वाटल्या आणि बाकी सेहेचाळीस ठेवली.
अरे, बाकी भाजकाहून मोठी असते का?
अजून एक फेरी होते त्यात, सगळ्यांना एकेक!
त्यानं जीभ चावली, तीनचे चार केले.
चार, बाकी आठ.
चार, बाकी आठ.
बांधभर तेच उत्तर उमटत गेलं.

जैतून तडवी हात कधी वर करत नाही.
केळीच्या खोडाआड बसून तिनं लिहिलं होतं:
भाजक चाळीस. भागाकार चार. बाकी शून्य.

चुकलं, मी म्हणाले. अडतीस सांगितले होते ना?
आणि खोडायला पाय उचलला.
ती मातीकडे बघत नव्हती, चुलीकडे बघत होती.
"कोकिळाताई धरली," ती म्हणाली.
"तुम्ही धरल्या."

अडतीस मीच मोजले होते,
हजेरीवरून, रोजच्यासारखे,
मोजणारीला सोडून.
पाय मी मागे घेतला.

केंद्रप्रमुख विचारतील तेव्हा बाकी आठच,
उत्तरसूचीत तेच छापलेलं असेल,
आणि मीही तेच शिकवीन, प्रश्नात जेवढे दिले तेवढेच धरा.
पण त्या दिवशी केळीच्या पानावर
माझ्या वाट्याच्या चार पुऱ्या गरम होत्या.
भरीत कुणी मोजलंच नव्हतं.

सायसिंग पुन्हा पान घेऊन आला.
पुऱ्या संपल्यात, मी सांगणार एवढ्यात
कोकिळाताईनं आपल्यातली एक त्याला टाकली.
तिच्याकडे तीन, त्याच्याकडे पाच.

हे उदाहरण
मी अजून फळ्यावर लिहिलेलं नाही.